तीन वेळा पुकारा केला

८ जानेवारी, सोमवार

झाले एकदाची हजर. साडेदहाला कागदावर सही केली आणि अपील शाखेचं चार नंबरचं टेबल माझं झालं. सोळा वर्षं नक्कल विभागात दुसऱ्यांचं लिहिलेलं उतरवण्यात गेली. आता बढती, नवं शहर, आणि टेबल तेही खिडकीपाशी. म्हणून ठरवलं, रोज चार ओळी स्वतःच्याही लिहायच्या. दुपारी आईला फोन करून सांगितलं तर तिने आधी विचारलं, ऊन येतं का. येतं म्हटल्यावर म्हणाली, मग पडदा लाव, डोकं दुखेल. आमच्या आईला नुसता आनंद कधी होतच नाही, बरोबर काळजी लागतेच.

जागा छान आहे. दुसरा मजला, बाहेर लांब व्हरांडा, त्यात भिंतीला लागून एक लाकडी बाक, वीस माणसं सहज बसतील एवढा. आत चार टेबलं, तीन लोखंडी कपाटं आणि सुतळीने बांधलेले फायलींचे गठ्ठे, मिळेल त्या जागी. माझ्या खणात आधीच्या कारकुनाचं सामान तसंच पडलंय. चष्म्याचं घर आणि त्यात चष्माही, कान तुटलेला कप, शाईचा पॅड, एक मोठा रबरी शिक्का. त्यांची बदली झाली का, म्हणून अधीक्षकबाईंना विचारलं. त्या म्हणाल्या, नाही, ते येईनासे झाले. जसं काही माणूस नाही, नळाचं पाणीच. मला हसू आलं. येईनासं व्हावं असं मलाही सोळा वर्षांत पुष्कळदा वाटलं, पण आईने डबा हातात दिला की पाय मुकाट्याने चालायला लागतात.

अधीक्षकबाई बारीक, मऊ बोलणाऱ्या, खांद्यावर कायम शाल. दुसरा लक्षात राहिला तो पुकारा करणारा शिपाई. त्याला सगळे भोंगा म्हणतात. एके काळी त्याचा आवाज खाली सायकल स्टँडपर्यंत जायचा म्हणे. मी नमस्कार केला तर त्याने हात जोडले, हसला, बोलला काही नाही.

घरही बरं मिळालंय. तळमजल्यावर दोन खोल्या, वर घरमालकीण काकू. आईने एका दिवसात काकूंना खिशात टाकलं, आता दोघी मिळून लोकरीचं काहीतरी विणणार आहेत.

आता मुख्य गोष्ट. आईचं अपील याच इमारतीत आहे. बाबांचं बाइंडिंगचं दुकान आणि वरच्या दोन खोल्या, हे घर बाबा गेल्यावर काकाने दावा लावून जिंकलं. त्यावर आत्या आणि आई दोघींनी मिळून अपील केलं. अपील जिवंत आहे तोवर काकाला त्या घराला हात लावता येत नाही. दाराला कुलूप आहे आणि किल्ली आईच्या गळ्यात. याला अकरा वर्षं झाली. आत्या चार वर्षांपूर्वी गेली, आता आई एकटीच. तिचं मुखत्यारपत्र माझ्या नावावर आहे, त्यामुळे सगळं बघायचं मी. बघायचं म्हणजे काय, तर आईने विचारलं की सांगायचं, लागेल नंबर. सरकारी काम आणि सहा महिने थांब. पण आता आपण आतलेच झालो. फाईल शोधते आणि चालवायलाच घेते.

९ जानेवारी, मंगळवार

काम समजलं. अपील करणाऱ्याने पुढे काहीच केलं नाही, म्हणजे नोटिशीसाठी पत्ते दिले नाहीत, कागदांच्या प्रती दिल्या नाहीत, तारखेला फिरकला नाही, तर ते अपील काढून टाकायचं. ही सगळी अपिलं माझ्या टेबलावरून जातात. भोंग्याने दारात उभं राहून तीनदा नाव पुकारायचं. कोणी ओ दिली नाही की मी रोजनाम्यात तसं लिहायचं. रोजनामा म्हणजे त्या दिवशी त्या फायलीत काय झालं ते लिहायचा कागद. मग जज्जसाहेबांची सही, आणि अपील संपलं. लिहायचं काय तेही डोक्याला ताप नको म्हणून शिक्क्यावर कोरलेलं आहे: तीन वेळा पुकारा केला. अपीलकर्ता गैरहजर. अपील न चालवल्यामुळे काढून टाकले.

आज बारा फायली होत्या. मागचे गेल्यापासून टेबलावर पडून राहिलेल्या. अधीक्षकबाईंनी सांगितलं की शिक्के सकाळीच मारून ठेवा, वेळ वाचतो, इथे सगळे तसंच करत आलेत. मारून ठेवले.

मग अकरा वाजता भोंगा दारात गेला आणि मला त्याच्या गप्प राहण्याचं कारण कळलं. त्याने हात वर केला, मानेच्या शिरा तट्ट फुगल्या, तोंड उघडलं, आणि आवाज काही नाहीच. तीनदा तसंच. मग शांतपणे परत येऊन उभा राहिला. दोन वर्षांपूर्वी घशाचं ऑपरेशन झालं, तेव्हापासून आवाज गेला तो गेलाच. निवृत्तीला एक वर्ष उरलंय. वर कळवलं तर घरी बसवतील, म्हणून कोणी कळवत नाही. तो तोंड उघडतो तेव्हा सगळे खाली बघतात. मलाही खाली बघावंसं वाटलं. माणुसकी आहे या शाखेत. अधीक्षकबाई म्हणाल्या, नाहीतरी असल्या अपिलांना येतं कोण.

बाहेर बाकावर कोणी होतं का, ते मी पाहिलं नाही.

११ जानेवारी, गुरुवार

चहाला जाताना बाकावरच्या एका बाईंनी हटकलं. निळा स्वेटर, मांडीवर कापडी पिशवी. म्हणाल्या, परवापासून बसलेय, मला आत कधी घेणार. त्यांच्या शेजारी एक गृहस्थ, कागद अगदी नाकाला लावून वाचत होते. त्यांनीही मान वर करून माझ्याकडे बघितलं, बराच वेळ. मी म्हटलं, बसा, पुकारतील. बाईंना माझी पाण्याची बाटली दिली. बरं वाटलं, आपण कोणाला खेकसलो नाही. नक्कल विभागात माझ्या तोंडाला सगळे भ्यायचे.

आत आल्यावर अधीक्षकबाईंनी विचारलं, कोणाशी बोलत होता. बाकावरच्यांशी, म्हटलं. त्यांनी दारातून बाकाकडे बघितलं, मग माझ्याकडे, आणि म्हणाल्या, असू दे, नवीन माणसाला करमत नाही. टोमणा असावा. मऊ माणसांचे टोमणेही मऊ, लागले की नाही ते दुसऱ्या दिवशी कळतं.

१२ जानेवारी, शुक्रवार

जुनी अपिलं निकाली काढायची मोहीम निघालीय. पुढच्या बुधवारी चाळीस. जेवणानंतर गठ्ठा घेऊन बसले आणि पाऊण तासात चाळीस शिक्के उमटवले. पॅडवर, कागदावर, पॅडवर, कागदावर. नावं-बिवं काही वाचली नाहीत, रोजनाम्यात कोरी जागा कुठे आहे तेवढंच बघत होते. शेवटी शेवटी तर हाताला ताल सापडला. अधीक्षकबाईंनी शाबासकी दिली.

मधल्या वेळात आईच्या अपिलाचा नंबर नोंदवहीत शोधला, सापडला नाही. तळघरातल्या रेकॉर्ड रूममध्ये असेल. संध्याकाळी आईने विचारलंच. लागेल नंबर, म्हटलं. तर म्हणाली, एखाद दिवशी मीच येऊन बसते बाहेर, नाव घेतलं की ओ देईन. मला हसू आलं. म्हटलं, तू कशाला त्या जिन्यावरून गुडघे मोडून घेतेस, मी आहे ना तिथे.

१७ जानेवारी, बुधवार

चाळीस अपिलं दीड तासात. भोंग्याने एकशे वीस वेळा तोंड उघडलं, कपाळाला घाम आला होता बिचाऱ्याच्या. साहेबांनी सह्या करता करता मान वर करून विचारलं, नवीन कारकून कोण. मी उभी राहिले. छान, म्हणाले.

संध्याकाळी धाकट्या भावाचा फोन. माझ्याशी बोलून झालं, आईकडे दिला, तर तो नुसता हॅलो हॅलो करत राहिला. आई इकडे व्यवस्थित बोलत होती, त्याच्या खोकल्याची चौकशी चाललेली. तो म्हणे आवाजच येत नाही. मी घेतला तर आला. फोन जुना झालाय.

१८ जानेवारी, गुरुवार

आज घरी जे झालं ते नीट लिहून ठेवते.

काकू लोकर घेऊन आल्या. आई खिडकीजवळच्या खुर्चीत बसली होती. तिने या म्हटलं, सरकून बसायला जागा केली. काकूंनी मला विचारलं, आई दिसत नाहीत, कुठे गेल्या. आईला वाटलं थट्टा आहे, ती हसली. काकू हसल्या नाहीत. आल्या की सांग लोकर आणलीय, म्हणाल्या, आणि खुर्चीवर ठेवावी तशी लोकर आईच्या मांडीवर ठेवून निघून गेल्या.

आईने ती लोकर उचलून शेजारी ठेवली. मग म्हणाली, मी काही बोलले का त्यांना वाईट. तिचा आवाज अगदी लहान झाला होता. मी म्हटलं, म्हाताऱ्या झाल्यात त्या, चष्मा लावत नाहीत. सकाळी भाजीवालाही माझ्याशी असंच वागला, आई म्हणाली.

१९ जानेवारी, शुक्रवार

बाकावरच्या गृहस्थांनी आज मला हाक मारली. म्हणाले, माझा चष्मा तुमच्या खणात राहिलाय, तेवढा आणून द्याल का.

आणून दिला. त्यांनी तो लावला आणि सगळं सांगितलं, घाई न करता, नवीन माणसाला काम शिकवावं तसं. चार नंबरचं टेबल आधी त्यांचं होतं. त्यांच्या शिक्क्याने एका माणसाचं अपील गेलं, तो माणूस त्यांना बाकावर दिसायला लागला, इतर कोणाला नाही. ते सोडवायला त्यांनी टेबल सोडलं आणि स्वतःच्या नावाने अर्ज केला, अपील पुन्हा फायलीवर घ्या म्हणून. तो अर्ज पडून राहिला आणि नऊ तारखेच्या बारांत आला. त्यावर शिक्का मी मारला. पुकारलं तेव्हा ते दारापासून चार हातांवर बसले होते. निळ्या स्वेटरच्या बाईही तिथेच होत्या. ज्याच्या हातचा शिक्का असतो त्यालाच आम्ही दिसतो, म्हणाले, म्हणून तुम्हाला दिसतो.

माणसाला वेड लागतं तेव्हा तो असाच शांतपणे बोलतो, असा मनात विचार करत मी आत आले. आणि बुधवारच्या चाळीस फायली काढल्या. या वेळी नावं वाचली.

एकोणतिसावी. वर आत्याचं नाव, आणि पुढे बारीक अक्षरात, व इतर एक. अपील दुसऱ्या कोर्टातून इकडे वर्ग झालं तेव्हा त्याला नवा नंबर पडला होता. तसं पत्र वकिलांना गेलं, वकिलांनी मला कळवलं नाही आणि मीही अकरा वर्षांत कधी विचारलं नाही. मी जुनाच नंबर शोधत होते. रोजनाम्यात माझा शिक्का, ठसठशीत, अजिबात वाकडा नाही.

आई इतर एक आहे.

२२ जानेवारी, सोमवार

अधीक्षकबाईंना सांगितलं. आईचं अपील आहे, माझ्या हातून झालं, रोजनामा दुरुस्त करू द्या. त्या हादरल्या, पण आईच्या बातमीने नाही, दुरुस्ती या शब्दाने. म्हणाल्या, रोजनाम्यात खाडाखोड चालत नाही. लिहिलंय ते झालं. पुकारा झालाच नाही, म्हटलं मी, तुम्ही समोर होता. त्यांनी शाल सारखी केली आणि म्हणाल्या, मी खाली बघत होते.

खोटं नव्हतं ते. सगळेच बघत होतो.

तीस दिवसांच्या आत अर्ज करता येतो, एवढंच त्यांनी सांगितलं. सतरा तारखेपासून तीस दिवस, म्हणजे सोळा फेब्रुवारी. तीस दिवसांनंतर काय, हे मी बाकावर जाऊन विचारलं. चष्मेवाले म्हणाले, त्यांच्या माणसाचे तीस दिवस भरले त्या दिवसापासून तो त्यांनाही दिसला नाही.

२३ जानेवारी, मंगळवार

भोंग्याला कागदावर लिहून विचारलं, तुझा आवाज निघत नाही हे तुला माहीत आहे ना. त्याने माझ्याकडे असं बघितलं, जसं काही मी काहीतरी घाण बोलले. मग माझ्या हातातलं पेन घेऊन खाली लिहिलं: मी रोज जीव तोडून ओरडतो. कोणी येत नाही.

२५ जानेवारी, गुरुवार

आईला घेऊन वकिलांकडे गेले. तिला सगळं सांगितलंय. ती रडली नाही, तिने केस विंचरून घेतले आणि चांगली शाल काढली.

वकील म्हणाले, अर्ज करू, आईंना घेऊन या, माझ्यासमोर सही लागेल. आई त्यांच्या समोरच बसली होती. तिने सही केली, अकरा वर्षांपूर्वी केली होती तशीच, एकेक अक्षर सुटं. वकील दाराकडे बघत बोटं वाजवत होते. बऱ्याच वेळाने विचारलं, आई येतायत ना. मी कागद पुढे केला. त्यांनी तो उलटून पालटून बघितला. कोरा आहे, म्हणाले.

मग मुखत्यार म्हणून तुम्हीच करा अर्ज, तुमच्याच नावाने, म्हणाले. अर्जदार म्हणून माझं नाव घातलं. प्रतिज्ञापत्रावर मी सही केली. मी माझ्या आईचं अपील वेळेवर चालवलं नाही, असं त्यात लिहिलंय. अकरा वर्षांत पहिल्यांदा मी त्या अपिलात काहीतरी केलं.

२९ जानेवारी, सोमवार

धाकटा आला. फोनवर दर वेळी मी सबबी सांगते म्हणून. आई कुठेय, आईला कुठे ठेवलंयस, एवढंच ओरडत होता. आईने त्याच्या पाठीवर हात ठेवला होता. त्याला धाप लागली तसं तिने पाणी आणलं, त्याच्या हाताशी ठेवलं, त्याने ते घटाघटा प्यायलं आणि कोणी आणलं ते विचारलंही नाही. मी सांगायचा प्रयत्न केला. इथेच आहे, म्हटलं, तुझ्या मागे. त्याने मागे बघितलं. मग माझ्याकडे बघितलं तेव्हा त्याच्या डोळ्यांत राग नव्हता, भीती होती. माझी.

पोलिसांत जाईन म्हणून गेला. आई म्हणाली, त्याला बोलू नकोस काही, घाबरलाय. दाराशी त्याच्या चपला ती नेहमीसारख्या सरळ करून ठेवून आली होती.

१ फेब्रुवारी, गुरुवार

अर्ज दाखल केला. तारीख पडली, पंधरा. एक दिवस आधी. चालेल.

स्वतःच्याच अर्जाच्या टेबलावर बसता येणार नाही म्हणून मला रजेवर पाठवलं. टेबलावर दुसरं कोणी येईल. शिक्का मी पर्समध्ये घालून नेणार होते. अधीक्षकबाईंनी हात पुढे केला. सरकारी सामान आहे, म्हणाल्या.

आई आता रोज माझ्याबरोबर येते. गुडघे धरत दोन जिने चढते आणि बाकावर बसते. मी येऊ नको म्हटलं होतं, त्या दिवशी येऊ दिलं असतं तर काय झालं असतं, ते मला माहीत आहे. काहीच झालं नसतं. तरी रोज तेच मनात येतं.

५ फेब्रुवारी, सोमवार

काकाने कुलूप तोडलं. अपील गेल्याचं त्याला कळणारच होतं. शेजाऱ्यांचा फोन आला, दुकानातली दाबयंत्रं, बाबांच्या कात्र्या, सगळं ट्रकमध्ये चढवलं. आता नवं कुलूप आहे.

आईला सांगितलं नाही. ती बाकावर बसून किल्ली शालीने पुसत होती.

८ फेब्रुवारी, गुरुवार

निळ्या स्वेटरच्या बाई. नऊ तारखेपासून तीस दिवस आज भरले. मी मोजत नव्हते, त्यांचे मोजायला हवे होते हे लक्षातच आलं नाही. त्या मला त्यांच्या मुलीचं सांगत होत्या, ती कशी लहानपणी अंधाराला भीत नसे आणि शाळेला मात्र

एवढंच. वाक्य पुरं झालं नाही. मी ऐकत होते आणि समोर बाकाची पाठ होती. माझी पाण्याची बाटली तिथेच होती, अर्धी.

पलीकडे चष्मा पडला होता, काड्या उघड्या. मी चष्म्याचं घर शोधलं, सापडलं नाही, तसाच रुमालात गुंडाळला.

आई त्या रिकाम्या जागेकडे बघत नव्हती. माझ्याकडे बघत होती. मला म्हणाली, आपले किती उरले गं.

१२ फेब्रुवारी, सोमवार

आई म्हणते भोंग्याचा आवाज खणखणीत आहे. म्हणते, एवढा मोठा की कानाला दडे बसतात. दिवसभर पुकारतो, सगळ्यांना, पुन्हा पुन्हा, तिलाही. ती दर वेळी ओ देते. मी शेजारी बसलेले असते, मला भोंग्याचं नुसतं उघडं तोंड दिसतं आणि आई एकदम दचकून म्हणते, हजर आहे. हजर आहे. मी इथेच आहे.

संध्याकाळपर्यंत तिचा घसा बसतो.

१४ फेब्रुवारी, बुधवार

चार नंबरच्या टेबलावर नवी मुलगी आलीय. हसरी. खिडकी मिळाली म्हणून खूश. तिच्यापुढे हात जोडले. म्हटलं, उद्याच्या माझ्या अर्जावर आधी शिक्का मारू नकोस, एवढं एक कर, मी दारातच उभी असेन, डोळ्यांनी बघशील. ती घाबरून हो हो म्हणाली. कोण अडाणी आधी मारेल, म्हणाली.

तिच्या टेबलावर गठ्ठा होता. उंच. पॅड उघडा होता—

रात्री नाही लिहिणार. आत्ता संध्याकाळचे सहा. आईने गळ्यातली किल्ली काढून माझ्या गळ्यात घातली. म्हणाली, मला विसरायला होतं, तू सांभाळ. आत गेल्यावर आधी खिडक्या उघड, बंद घराला वास येतो. मी हो म्हटलं. कुलूप बदललंय हे अजूनही नाही सांगितलं.

१५ फेब्रुवारी, गुरुवार

नऊपासून दारात आहोत. मी उभी, आई बाकाच्या टोकाला. भोंग्याच्या ओठांवर लक्ष ठेवायचं. आवाजाची वाट बघायचीच नाही. ओठ हलले की हात वर, आत शिरायचं, साहेबांसमोर उभं राहायचं. एवढं सोपं. गर्दी नाही.

साडेदहा. अधीक्षकबाई आल्या. मी नमस्कार केला. त्या शाल सावरत आत गेल्या. घाईत असतील.

पावणेअकरा. खाली चहावाल्याला दोन चहा सांगितले. पुन्हा सांगितले. तो दुसऱ्या कोणाशी—

अकराला पाच. नवी मुलगी चहाला निघाली. मला बघून थांबली. तीच एकटी थांबली. चांगलं हसली, विसरून गेलीय मला, कालची मी आठवत नाही तिला— पाण्याची बाटली दिली. म्हणाली, उभ्या का, बसा ना. बसा, पुकारतील.

तिच्या अंगठ्याला शाई आहे.

बसले. आईने जागा केली.

उद्या सोळा. उद्या आईचे भरतात. माझे आज सुरू— तीस— त्यातले एकोणतीस तिच्याशिवाय—

अकरा. भोंगा दारात आला. हात वर केला—

माझं नाव. एवढं मोठं. खाली सायकल स्टँडपर्यंत गेलं असेल. भिंती हलल्या आणि एकानेही वर बघितलं नाही. आईने माझा हात पकडला. तुलाही आलं ना ऐकू, म्हणाली. रडायला लागली. आज पहिल्यांदा रडली.

मी ओ दिली. उठून दिली. हजर आहे म्हटलं, भोंग्याच्या तोंडासमोर, हातभरावर. त्याच्या डोळ्यांत पाणी आलंय जोर लावून लावून. माझ्या आरपार जिन्याकडे बघतोय, कोणी येतंय का—

दुसऱ्यांदा.

आई म्हणते दोघी मिळून देऊ. एकदम. मोठ्याने. किल्ली हातात धर म्हणते, मी तीन म्हटलं की—

एक

दोन